रेहम खान: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पाकिस्तानच्या राजकारणाबद्दल मराठीत काहीही लिहिलं की वाचकांकडून हमखास येणाऱ्या प्रश्नांत ब्रिटिश-पाकिस्तानी टीव्ही पत्रकार रेहम खान यांच्याबद्दलचे प्रश्न बरेच असतात. बहुतेक प्रश्न इम्रान खान यांच्याशी झालेल्या त्यांच्या लग्नाबद्दलचे असतात, आणि ते साहजिकही आहे. पण ते लग्न दहा महिने टिकलं, तर कॅमेऱ्यासमोरचा त्यांचा वावर जवळपास वीस वर्षांचा आहे. त्यामुळे इथे भर कामावर दिला आहे. लग्न जिथे कामाच्या आड आलं, तिथे ते आलं आहे.

रेहम खान म्हणजे इम्रान खानची बायको ना?

होत्या. जानेवारी २०१५ मध्ये लग्नाची घोषणा झाली आणि ३० ऑक्टोबर २०१५ ला घटस्फोटाची. इम्रान यांचं हे दुसरं लग्न. पहिलं जेमिमा गोल्डस्मिथ यांच्याशी झालं होतं आणि तिसरं २०१८ मध्ये बुशरा बीबी यांच्याशी झालं. इम्रान पंतप्रधान झाले ते ऑगस्ट २०१८ मध्ये, म्हणजे रेहम कधीच पंतप्रधानांच्या पत्नी नव्हत्या. ही चूक मराठी बातम्यांतही अधूनमधून दिसते.

मग 'खान' हे आडनाव इम्रानचं का?

नाही. खैबर पख्तुनख्वामधल्या मानसेहरा जिल्ह्यात बफ्फा नावाचं गाव आहे, तिथलं हे पश्तून घराणं. ब्रिटनमध्ये बातम्यांच्या पडद्यावर असतानाही त्या रेहम खानच होत्या. आपल्याकडे प्रत्येक पाटील एकमेकांचा नातलग नसतो, तसंच तिकडच्या खानांचं.

नाव रेहम की रेहाम?

उर्दू लिपीत 'ह'नंतर अलिफ आहे, त्यामुळे उच्चार 'रेहाम'च्या जवळ जातो. मराठी वर्तमानपत्रांत 'रेहम' रुळलं आहे, म्हणून इथेही तेच ठेवलं आहे. 'रहम' म्हणजे दया, या शब्दाशी या नावाची गल्लत करू नये.

त्यांचा जन्म लिबियातला, हे खरं आहे का?

खरं आहे. ३ एप्रिल १९७३, अजदाबिया. वडील डॉक्टर होते, कान-नाक-घशाचे. साठच्या दशकाच्या शेवटी कुटुंब लिबियात गेलं आणि तिथेच रेहम यांचा जन्म झाला. तेलाच्या पैशावर उभ्या राहणाऱ्या देशांना तेव्हा डॉक्टर हवे होते आणि पाकिस्तानातून ते जात होते. केरळच्या नर्सेस आखातात गेल्या, त्याच काळातली ही दुसरी वाट. पुढे त्यांचं शिक्षण पेशावरला झालं. जिना कॉलेज फॉर विमेनमधून त्यांनी पदवी घेतली. एक काका अब्दुल हकीम खान पेशावर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश आणि प्रांताचे राज्यपालही होते. थोडक्यात, घर खाऊनपिऊन सुखी आणि वजनदार होतं. 'गरिबीतून वर आलेली मुलगी' अशी कहाणी कुणी सांगत असेल तर ती यांची नव्हे.

त्यांच्या पदवीवरून वाद झाला होता, तो काय?

जुलै २०१५ मध्ये एका ब्रिटिश वर्तमानपत्राने बातमी दिली, की रेहम यांनी प्रसारण माध्यमांचा अभ्यास ज्या नॉर्थ लिंडसे कॉलेजात केल्याचं सांगितलं जातं, तिथे त्यांची नोंदच नाही. रेहम यांनी हा आरोप फेटाळला. पाकिस्तानात मात्र महिनाभर दुसरा विषय नव्हता. तिथे २०१० च्या सुमारास बनावट पदव्यांवरून कितीतरी आमदार-खासदारांची पदं धोक्यात आली होती, त्यामुळे 'डिग्री' हा शब्द आला की लोकांचे कान टवकारतात.

एक गोष्ट मात्र या गदारोळात हरवली. टीव्हीवर हवामान किंवा बातम्या सांगायला पदवी लागतेच असं नाही. आवाज, भाषा, वेळेचं भान आणि कानातल्या यंत्रातून निर्माता ओरडत असताना चेहऱ्यावरची सुरकुतीही न हलू देण्याची सवय, हे सगळं कामावरच शिकलं जातं.

टीव्हीवर त्या आल्या तरी कशा?

एकोणिसाव्या वर्षी लग्न होऊन त्या ब्रिटनला गेल्या. नवरा नात्यातलाच, मानसोपचारतज्ज्ञ. तीन मुलं झाली. २००५ मध्ये घटस्फोट झाला. त्या संसारात आपला छळ झाला असं रेहम यांनी नंतर सांगितलं, पहिल्या पतींनी ते नाकारलं. तिशी ओलांडलेली, तीन मुलांची जबाबदारी असलेली आणि कामाचा अनुभव जवळजवळ नसलेली बाई. २००६ पासून त्या 'लीगल टीव्ही' नावाच्या छोट्या वाहिनीवर दिसू लागल्या. कायद्याची माहिती सामान्यांना सांगायची, असं त्या वाहिनीचं स्वरूप. २००७ मध्ये 'सनशाइन रेडिओ'वर हेरफर्ड आणि वूस्टर या भागासाठी कार्यक्रम केले.

हेरफर्ड-वूस्टर म्हणजे काय, हे नकाशात पाहा. सफरचंदांच्या बागा, गुरं, छोटी गावं. लंडनच्या आशियाई रेडिओवर सोपी जागा मिळाली असती, असं आपल्याला वाटतं. तिथे आपली भाषा चालते, आपली गाणी चालतात. या बाईंनी मात्र गोऱ्या इंग्रज ग्रामीण श्रोत्यांसमोर इंग्रजीतून बोलायचं काम केलं. त्यांच्या कारकिर्दीतला हा टप्पा मला सर्वांत जास्त आवडतो, आणि त्याबद्दल सर्वांत कमी विचारलं जातं.

बीबीसीत त्या पत्रकार होत्या की नुसत्या 'वेदर गर्ल'?

बीबीसीच्या 'साउथ टुडे' या प्रादेशिक बातमीपत्रात त्या दिसायच्या. हे बातमीपत्र साउथॅम्प्टनहून निघतं आणि इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरच्या भागासाठी असतं. त्यांचं तिथलं सर्वांत ओळखीचं काम हवामान सांगण्याचं होतं, हे खरं.

त्यातला 'नुसत्या' हा शब्द मात्र काढून टाकावा. ब्रिटनमध्ये हवामान ही बातमीच असते आणि प्रादेशिक बातमीपत्रात ती सांगणारी व्यक्ती घरातल्या माणसासारखी ओळखीची होते. हवामानाच्या निवेदनात समोर वाचायला पाटी नसते बहुतेकदा, मागच्या नकाशावर काय आहे ते बाजूच्या पडद्यावर बघत मिनिटभर सलग, न अडखळता बोलायचं असतं. पुढे अँकर म्हणून बसणाऱ्याला याहून चांगली तालीम कुठली?

'वेदर गर्ल' ही शिवी म्हणून वापरली गेली ती २०१५ मध्ये. लग्नाची कुणकुण लागताच ब्रिटिश आणि पाकिस्तानी माध्यमांनी जुने फोटो बाहेर काढले. स्कर्ट घातलेले. इंग्लंडमध्ये नोकरी करणारी बाई इंग्लंडमधले कपडे घालते, यात खळबळ कसली होती ते कळत नाही. बरं, इम्रान खान यांचे लंडनमधले जुने फोटो तर साऱ्या जगाने पाहिले होते. त्यांच्यावरून कुणी त्यांना 'पार्टी बॉय' म्हणून निवडणुकीत पाडलं नाही.

२०१३ मध्ये सगळं सोडून त्या पाकिस्तानात का गेल्या?

तेव्हाचं पाकिस्तानी टीव्हीचं जग डोळ्यांसमोर आणलं तर उत्तर मिळतं.

१९६४ मध्ये लाहोरमधून पाकिस्तान टेलिव्हिजन सुरू झालं आणि पुढची जवळजवळ चार दशकं बातम्या म्हणजे सरकारी बातम्या, हेच समीकरण राहिलं. जनरल मुशर्रफ यांच्या काळात, २००२ मध्ये, परवाने देणारी 'पेमरा' ही संस्था आली, 'जिओ' ही खासगी वृत्तवाहिनी सुरू झाली आणि पाठोपाठ खासगी वाहिन्यांची रांग लागली. लष्करी हुकूमशहानेच टीव्ही मोकळा केला, ही त्या देशाची गंमत. त्याच मुशर्रफ यांनी ३ नोव्हेंबर २००७ ला आणीबाणी लादली आणि खासगी वृत्तवाहिन्या केबलवरून गायब केल्या. काही अँकरांच्या कार्यक्रमांवर बंदी आली, तेव्हा ते रस्त्यावर, फुटपाथवर येऊन लोकांसमोर कार्यक्रम करू लागले. तिथून पाकिस्तानी अँकर हा नुसता निवेदक उरला नाही. संध्याकाळी सात-आठ ते रात्री अकरापर्यंत प्रत्येक वाहिनीवर एकेक 'टॉक शो', प्रत्येकात तीन राजकारणी आणि मधे एक अँकर. एखाद्या मंत्र्यापेक्षा त्याला जास्त लोक ओळखतात. आपल्याकडच्या रात्री नऊच्या आरडाओरड्याशी साम्य आहेच, पण तिथे तो कार्यक्रम मुख्यतः उर्दूत चालतो आणि लष्कराचं नाव न घेता लष्कराबद्दल कसं बोलायचं ही वेगळी कला त्याला लागते. 'महकमा-ए-जराअत' म्हणजे शेतकी खातं, असं म्हणून सेनेकडे बोट दाखवायचं. ऐकणाऱ्याला कळतं.

अशा बाजारात इंग्रजी, उर्दू, पश्तो आणि हिंदको बोलणारी, बीबीसीचा शिक्का असलेली बाई आली तर तिला मागणी असणारच. २०१३ ला 'न्यूज वन'वर त्या आल्या, मग काही काळ 'आज टीव्ही', सरकारी पीटीव्हीवरही कार्यक्रम केला, आणि २०१४ मध्ये 'डॉन न्यूज'वर 'इन फोकस'. वर्षा-दीड वर्षात चार वाहिन्या. हे चंचलपणाचं लक्षण मानू नये, तिकडे पगार थकणं आणि वाहिनी बदलणं ही रोजची गोष्ट आहे.

इम्रान खान यांची ओळख मुलाखतीतून झाली का?

हो, पत्रकार म्हणून त्यांची मुलाखत घेतानाच ओळख झाली. तो काळ लक्षात घ्या. ऑगस्ट २०१४ पासून इम्रान इस्लामाबादच्या डी-चौकात एका मालवाहू कंटेनरवर उभे राहून रोज रात्री भाषण करत होते. नवाझ शरीफ यांनी २०१३ ची निवडणूक चोरली, असा त्यांचा आरोप. हा 'धरना' चार महिन्यांहून अधिक चालला आणि १६ डिसेंबरला पेशावरच्या लष्करी शाळेत दहशतवाद्यांनी मुलांचं हत्याकांड केलं, त्यानंतर तो मागे घेतला गेला. त्या चार महिन्यांत पाकिस्तानातला प्रत्येक पत्रकार इम्रान यांच्या मागे होता.

पत्रकाराने ज्याच्याबद्दल बातमी द्यायची त्याच्याशीच लग्न ठरलं, तर काय करावं? नियम साधा आहे: त्या विषयापासून लांब व्हावं. रेहम यांच्याबाबतीत हे लांब होणं नीट झालं नाही असं माझं मत आहे, आणि पुढच्या सगळ्या गुंत्याचं मूळ मला तिथेच दिसतं.

लग्नानंतर त्यांनी काम थांबवलं का?

थांबवलं नाही. मे २०१५ मध्ये त्यांनी 'डॉन न्यूज'वर 'द रेहम खान शो' सुरू केला. राजकीय भांडणाऐवजी वेगवेगळ्या क्षेत्रांत नाव काढलेल्या पाकिस्तान्यांना बोलतं करायचं, असं स्वरूप. म्हणजे वाट शोधली होती.

पण त्याच उन्हाळ्यात रेहम इम्रान यांच्या पक्षाच्या, म्हणजे तेहरीक-ए-इन्साफच्या, व्यासपीठावरही दिसू लागल्या. ऑगस्ट २०१५ ला हरिपूरच्या पोटनिवडणुकीत त्यांनी तेहरीक-ए-इन्साफच्या उमेदवारासाठी सभा घेतल्या. हरिपूर हा हजारा भाग, म्हणजे त्यांच्या माहेरच्या मुलखाच्या शेजारचाच, भाषाही हिंदको. उमेदवार मोठ्या फरकाने हरला. त्यानंतर थोड्याच काळात इम्रान यांनी ट्विटरवर जाहीर केलं, की यापुढे रेहम पक्षाच्या कार्यक्रमांत दिसणार नाहीत. घराणेशाहीवर टीका करणाऱ्या पक्षात नेत्याची पत्नी प्रचार करते, हा आक्षेप गैर नव्हता. तो जाहीर करण्याची पद्धत मात्र चारचौघांत बायकोला गप्प बसवण्यासारखी होती.

ऑक्टोबरच्या शेवटी घटस्फोट झाला, पंजाब आणि सिंधमधल्या स्थानिक निवडणुकांच्या पहिल्या टप्प्याच्या आदल्या दिवशी. त्या दिवशी वाहिन्यांवर निवडणूक दिसलीच नाही.

घटस्फोटानंतर कुठल्या वाहिनीवर होत्या?

डिसेंबर २०१५ मध्ये 'निओ टीव्ही' या नव्या वाहिनीवर. कार्यक्रमाचं नाव 'तब्दीली'. ज्यांना पाकिस्तानचं राजकारण माहीत आहे त्यांना इथे हसू येईल, कारण 'तब्दीली', म्हणजे बदल, ही इम्रान खान यांच्या पक्षाची घोषणा होती. नाव कुणी सुचवलं असेल ते असो, टोमणा नेमका बसला. जून २०१६ मध्ये त्यांनी ही नोकरी सोडली. त्यानंतर त्यांचा रोजचा, नेमाचा टीव्ही कार्यक्रम असा उरला नाही. मुलाखती देणं, समाजमाध्यमांवर भाष्य करणं, हे सुरू राहिलं. प्रश्न विचारणारी व्यक्ती हळूहळू उत्तरं देणारी झाली.

त्यांनी चित्रपटही काढला होता?

'जानान'. सप्टेंबर २०१६, बकरी ईदला प्रदर्शित. रेहम निर्मात्यांपैकी एक, दिग्दर्शक अझफर जाफरी. स्वातमधल्या एका पश्तून कुटुंबाची गोष्ट, वरून हलकीफुलकी प्रेमकथा आणि आत मुलांच्या लैंगिक शोषणाचा विषय. पडद्यावरचा पठाण म्हणजे बंदूक नाहीतर चौकीदार, ही ठरलेली प्रतिमा पाकिस्तानी सिनेमातही आहे. ती मोडायचा प्रयत्न इथे दिसतो. स्वात खोरं २००९ पर्यंत तालिबानच्या ताब्यात होतं, हे मनात ठेवून पाहिलं तर त्यातल्या नाचगाण्यांना वेगळा अर्थ येतो.

पुस्तकाचं नाव काय आणि त्यात नेमकं आहे काय?

नाव 'रेहम खान'च. आत्मकथन आहे. लिबियातलं बालपण, पेशावर, पहिलं लग्न, इंग्लंडमधली धडपड, टीव्ही, मग इम्रान आणि घटस्फोट. १२ जुलै २०१८ ला ते ॲमेझॉनवर आलं. पाकिस्तानची सार्वत्रिक निवडणूक २५ जुलैला होती. हे तेरा दिवसांचं अंतर त्या पुस्तकाच्या प्रत्येक चर्चेत येतं, आणि यायलाच हवं.

गंमत अशी, की पुस्तक येण्याआधीच त्यावर लढाई झाली होती. मे २०१८ च्या शेवटी क्रिकेटपटू वसीम अक्रम, रेहम यांचे पहिले पती, इम्रान यांचे मित्र झुल्फी बुखारी आणि पक्षाशी संबंधित आणखी एक व्यक्ती, अशा चौघांच्या वतीने लंडनच्या वकिलांनी नोटीस पाठवली. हस्तलिखित त्याआधी फुटलं होतं. अभिनेता हमझा अली अब्बासी याने आपण ते वाचल्याचं जाहीर केलं आणि वाहिन्यांवर रोज त्यावर चर्चा रंगू लागल्या. ते आपल्याकडून चोरलं गेलं, असं रेहम यांचं म्हणणं. मुलतानच्या एका दिवाणी न्यायालयाने प्रकाशनाला स्थगितीही दिली. हे पुस्तक नवाझ शरीफ यांच्या पक्षाने लिहून घेतलं, असा आरोप इम्रान समर्थक करत होते आणि रेहम तो नाकारत होत्या. पाकिस्तानात एखाद्या पत्रकाराने पैसे घेऊन लिहिलं असं म्हणायचं असेल तर त्याला 'लिफाफा' म्हणतात, म्हणजे पाकीट घेतलेला. तो शब्द या काळात त्यांच्या नावाला चिकटला.

निवडणुकीवर परिणाम? इम्रान जिंकले आणि १८ ऑगस्टला पंतप्रधान झाले.

पुस्तक भारतात मिळतं का?

हार्परकॉलिन्स इंडियाने ते भारतात काढलं. त्या दिवसांत आपल्या हिंदी-इंग्रजी वाहिन्यांनी रेहम यांच्या लांबलचक मुलाखती घेतल्या. विचारलं काय, तर बहुतेक इम्रान यांच्या खासगी आयुष्याबद्दल. शेजारच्या देशाच्या होऊ घातलेल्या पंतप्रधानाला जवळून पाहिलेली बाई समोर असताना लष्कर त्याच्याशी कसं वागत होतं, निर्णय कोण घेत होतं, हे विचारायला फारसा वेळ उरला नाही.

पुस्तकातले आरोप खरे आहेत का? इथे ते का दिलेले नाहीत?

कारण बरेचसे आरोप खासगी आहेत, इतर माणसांबद्दलचे आहेत आणि सिद्ध झालेले नाहीत. ते इथे पुन्हा छापण्यात अर्थ नाही.

पुस्तक म्हणून माझं मत विचाराल तर पहिला अर्धा भाग दुसऱ्यापेक्षा पुष्कळ चांगला आहे. परक्या देशात, पैशाची चणचण असताना तीन मुलांना सांभाळत नोकरी शोधणं, हे त्यांनी स्वतः जगून लिहिलं आहे आणि ते वाचताना जाणवतं. इम्रान आले की मजकुराचा तोल जातो. कोण खोलीत काय बोललं, कुणी काय लपवलं, याचे ढीग पडतात. दुसऱ्या बाजूला विचारलं का, कागद पाहिला का, तिसरा साक्षीदार आहे का, हे पत्रकार एरवी स्वतःला विचारतो. आत्मकथनाला हे बंधन नसतं, हे मान्य. पण मुखपृष्ठावर पत्रकाराचं नाव असलं की वाचक त्या वजनाने वाचतो.

लंडनमध्ये त्यांना माफी का मागावी लागली?

हा खटला पुस्तकाचा नव्हता, अशी गल्लत अनेकजण करतात. न्यूयॉर्कमधलं रूझवेल्ट हॉटेल तेव्हा पाकिस्तानच्या सरकारी विमान कंपनीच्या मालकीचं होतं. डिसेंबर २०१९ मध्ये रेहम यांनी एका व्हिडिओत आणि समाजमाध्यमांवर त्या हॉटेलच्या विक्रीच्या व्यवहारात झुल्फी बुखारी यांचं नाव घेऊन भ्रष्टाचाराचे आरोप केले. बुखारी तेव्हा पंतप्रधानांचे विशेष सहायक होते. त्यांनी लंडनच्या उच्च न्यायालयात अब्रुनुकसानीचा दावा लावला. नोव्हेंबर २०२१ मध्ये रेहम यांनी ते आरोप असत्य असल्याचं मान्य करून जाहीर माफी मागितली आणि ५०,००० पौंड देण्याचं कबूल केलं.

इंग्लंडचा अब्रुनुकसानीचा कायदा दावा लावणाऱ्याच्या बाजूने झुकलेला आहे, अशी टीका तिथले पत्रकारही करतात. आपलं विधान खरं आहे हे सिद्ध करण्याचं ओझं विधान करणाऱ्यावर पडतं. तरीही रेहम यांच्याबद्दल सहानुभूती असणाऱ्यांनाही हे प्रकरण टाळता येत नाही. ज्या माणसाने दीड वर्षापूर्वीच आपल्याला नोटीस पाठवली, त्याच्यावर आरोप करताना कागद दुप्पट तपासायला हवे होते. वृत्तकक्षात बसलेल्या एखाद्या संपादकाने ते वाक्य तिथेच अडवलं असतं. यूट्यूबवर संपादक नसतो.

त्यांच्यावर गोळीबार झाला होता का?

जानेवारी २०२२ च्या सुरुवातीला इस्लामाबादला, एका नातलगाच्या लग्नाहून परतताना आपल्या गाडीवर मोटारसायकलवरून आलेल्यांनी गोळी झाडली, असं त्यांनी ट्विटरवर लिहिलं. त्या स्वतः काही वेळापूर्वीच गाडी बदलून दुसऱ्या गाडीत बसल्या होत्या. कुणाला इजा झाली नाही.

पाकिस्तानात बाईने पत्रकारिता करणं इतकं अवघड आहे?

पुरुषांनाही सोपं नाही, पण बायकांवरचा हल्ला वेगळ्या दिशेने येतो. बातमी चुकली असं कुणी म्हणत नाही. लोक चारित्र्य, कपडे, नवरा, मुलं यांवर येतात. ऑगस्ट २०२० मध्ये बेनझीर शाह, आस्मा शिराझी, मुनीझे जहांगीर अशा अनेक महिला पत्रकारांनी मिळून एक निवेदन काढलं, की सत्ताधारी पक्षाच्या समर्थकांच्या झुंडी आपल्याला समाजमाध्यमांवर लक्ष्य करत आहेत. संसदेच्या मानवाधिकार समितीपुढे जाऊन त्यांनी हे सांगितलं.

यातल्या आस्मा शिराझी यांची कारकीर्द रेहम यांच्याशेजारी ठेवून पाहण्यासारखी आहे. २००६ चं लेबनॉनमधलं युद्ध तिथे जाऊन कव्हर केलं, २००७ च्या आणीबाणीत कार्यक्रमावर बंदी आली, २०१४ मध्ये धाडसी पत्रकारितेसाठीचा पीटर मॅकलर पुरस्कार मिळाला. ऑक्टोबर २०२१ मध्ये बीबीसी उर्दूवर 'कहानी बड़े घर की' हा स्तंभ लिहिला, त्यात कुणाचंही नाव नव्हतं, तरी पंतप्रधानांच्या पक्षाने त्यांच्यावर आगपाखड केली. नाव न घेता केलेला वार कधीकधी पाचशे पानांपेक्षा जास्त लागतो तो असा.

एकच पुस्तक वाचायचं असेल तर हेच वाचू का?

कुतूहल इम्रान खान या माणसाबद्दल असेल किंवा परदेशात नव्याने आयुष्य उभं करणाऱ्या बाईबद्दल असेल, तर हो. पाकिस्तान कसा चालतो हे समजून घ्यायचं असेल तर त्याच वर्षी, २०१८ मध्ये, दुसऱ्या एका पाकिस्तानी महिला टीव्ही पत्रकाराचं पुस्तक आलं आहे. नसीम झेहरा यांचं 'फ्रॉम कारगिल टू द कू', लाहोरच्या संग-ए-मील प्रकाशनाचं. १९९९ ची कारगिल मोहीम मुशर्रफ आणि त्यांच्याभोवतीच्या तीन सेनाधिकाऱ्यांनी कशी आखली, पंतप्रधानांना किती आणि केव्हा सांगितलं आणि त्यातून ऑक्टोबरचं लष्करी बंड कसं उगवलं, हे त्यांनी वर्षानुवर्षं मुलाखती घेऊन लिहिलं आहे. कारगिलची आपली बाजू आपल्याला पाठ आहे. पलीकडच्या खोल्यांत काय चाललं होतं ते एका पाकिस्तानी बाईने, पाकिस्तानात राहून, नावानिशी लिहिलं. त्या पुस्तकाची आपल्या वाहिन्यांवर त्या मानाने काहीच चर्चा झाली नाही.

आता रेहम खान काय करतात?

डिसेंबर २०२२ मध्ये अमेरिकेत सिॲटलला त्यांनी मिर्झा बिलाल यांच्याशी लग्न केलं. जुलै २०२५ मध्ये कराची प्रेस क्लबमध्ये 'पाकिस्तान रिपब्लिक पार्टी' या नावाने स्वतःचा राजकीय पक्ष जाहीर केला. पूर्वी एका माणसासाठी एका पक्षात गेले होते, आता स्वतःच्या अटींवर उभी आहे, अशा अर्थाचं त्या तेव्हा म्हणाल्या. नवे पक्ष पाकिस्तानात दरवर्षी निघतात. इम्रान खान यांचा पक्षही १९९६ ला निघाल्यावर पंधरा वर्षं कुणी गंभीरपणे घेतला नव्हता, एवढं मात्र ध्यानात असू द्यावं.

उर्दू येत नाही. त्यांच्या मुलाखती कळतील का?

कळतील. इंग्रजीत भरपूर आहेत. उर्दूतल्याही हिंदी समजणाऱ्या मराठी माणसाला जड जाणार नाहीत, कारण त्या साधं, बोलीतलं उर्दू बोलतात, मधे इंग्रजी शब्द असतात. पश्तोतल्या मात्र सोडून द्या.